लेझरनंतर डोळ्यांना रजा, पण डोक्याचं काय करू?

रेवा_कोथरूड

नमस्कार मंडळी,

पुढच्या आठवड्यात दोन्ही डोळ्यांचं लेझर ठरलंय. नंबर उणे पाच आणि उणे साडेपाच, शाळेपासून नाकावर चष्मा. कॉर्निया, म्हणजे डोळ्याचा समोरचा पारदर्शक पडदा, जरा पातळ निघाला म्हणून डॉक्टरांनी लॅसिकऐवजी पीआरके सुचवलं. ते आता नक्की आहे, त्यामुळे ‘करावं की करू नये’ ही चर्चा कृपया इथे नको. त्यावर आधीच धागे आहेत आणि सगळ्यांवर भांडणं झाली आहेत.

माझा प्रश्न वेगळा आहे. काय करायचं नाही याची लांबलचक यादी हातात मिळाली आहे. डोळे चोळायचे नाहीत, डोक्यावरून पाणी घ्यायचं नाही, काजळ नाही, धूळ नाही, धूर नाही, पोहणं नाही, सुरुवातीला मोबाइल-लॅपटॉप नाही. आणि काय करायचं याबद्दल फक्त दोन शब्द: विश्रांती घ्या.

मला दूध तापेपर्यंतसुद्धा हातात मोबाइल लागतो हो! आई साताऱ्याहून येणार आहे. नवरा घरूनच काम करतो, पण तो घरी असून नसल्यासारखा. ऐकायला काय काय आहे ते सांगाच, पण ऐकण्याखेरीज काही सुचलं तर तेही हवंय. पॉडकास्ट लावला की मला हमखास झोप लागते.

कल्याण_लोकल

आधी एक सांगतो. लॅसिक झालेल्यांचे सल्ले या बाबतीत बाजूला ठेवा. त्यांच्यात कॉर्नियाची वरची पातळ चकती उचलतात, खाली लेझर मारतात आणि चकती परत बसवतात. ही मंडळी दुसऱ्या दिवशी सकाळी ‘आहाहा, समोरच्या बिल्डिंगच्या टाकीवरचं नाव दिसतंय’ म्हणून स्टेटस टाकतात. स्माइल या लेझरच्या आणखी एका प्रकारवाल्यांचंही साधारण तसंच, त्यांना तर चार मिलिमीटरच्या आतबाहेर एवढीच चीर असते.

पीआरकेत कॉर्नियाचा वरचा थर काढलेला असतो. तो परत धरायला चार-पाच दिवस लागतात, तोवर डोळ्यात बँडेजची काँटॅक्ट लेन्स असते. पहिले दोन-तीन दिवस चुरचुर, पाणी, आणि उजेड नकोसा. त्या काळात करमणुकीची काळजी करूच नका, झोपा काढा. खरा कंटाळा त्यानंतर येतो. दुखणं थांबलेलं असतं, अंगात जोर असतो आणि दिसतं मात्र धुरकट. काही आठवडे नजर आज बरी, उद्या कालच्यापेक्षा वाईट असं चालतं. तेव्हाचं नियोजन करा.

आडगावचा_शहाणा

म्हणजे गांधारीसारखी पट्टी बांधून बसायचं का? मग सोपं आहे. नवऱ्याला संजय करा, तो मीटिंगचं आँखों देखा हाल सांगेल. (दिवे घ्या, गंमत करतोय)

रेवा_कोथरूड

@आडगावचा_शहाणा, पट्टी नाही, झोपताना पारदर्शक ढाली चिकटवायच्या आणि दिवसा गॉगल. आणि त्याच्या मीटिंगा मी चष्मा लावूनही ऐकत नाही.

@कल्याण_लोकल, धन्यवाद. हे कोणी इतकं सरळ सांगितलं नव्हतं.

सांजवारा

रेडिओ! पॉडकास्टने झोप येते कारण तो आपण निवडलेला असतो, थांबवता येतो, मागे नेता येतो, त्यामुळे कान सैल सुटतात. रेडिओ आपल्यासाठी थांबत नाही. विविध भारती १९५७ च्या ऑक्टोबरात सुरू झाली, अजून चालू आहे, आणि आकाशवाणीच्या अ‍ॅपवर घरबसल्या मिळते. रात्री आठला हवामहल ऐका, पंधरा मिनिटांची छोटी नाटिका असते. दारं करकरतात, पेले खणखणतात, कोणीतरी भलत्याच घरात शिरतं. दहाला छायागीत, म्हणजे सिनेमातली गाणी. या दोन वेळा पाळल्या की दिवसाला कणा मिळतो. डोळे बंद असले की सर्वात आधी वेळेचं भान जातं, दुपारचे चार आहेत की सकाळचे दहा काही कळत नाही. आपल्या मराठी केंद्रांवर बातम्या, भावगीतं, शेतकऱ्यांचे कार्यक्रमही लावा. उसावरच्या किडीबद्दल मी इतकी माहिती आयुष्यात ऐकली नव्हती, आणि सांगते, रंगत होती.

कसोटी सामना असेल तर सोन्याहून पिवळं. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन ऐकलेली माणसं अजून घरात असतील तर त्यांना शेजारी बसवा. सामना कमी आणि आठवणी जास्त ऐकायला मिळतील.

मालन_काकू

रेवा, ऐकण्याखेरीज म्हणालीस म्हणून सांगते. हातांना काम दे. कडवे वाल रात्री भिजत घाल, दुसऱ्या दिवशी फडक्यात बांधून मोड आण, आणि कोमट पाण्यात टाकून आईबरोबर सोलायला बस. चिमटीत धरून टोकाशी दाबलं की दाणा सुळकन बाहेर येतो आणि साल बोटाला चिकटून राहतं. त्याला डोळे लागत नाहीत. उलट मोड मोडला की नाही ते बोटालाच आधी कळतं. किलोभर वाल सोलायला दुपार जाते. लसूण सोलणं, मटार सोलणं हेही तसंच. कांदा मात्र चिरायचा नाही, आणि फोडणीजवळ फिरकायचंही नाही.

दुसरं, औषधाच्या बाटल्या. तुला दोन-तीन प्रकारचे थेंब देतील, सगळ्या बाटल्या सारख्याच चिमुकल्या. एकीला एक रबरबँड, दुसरीला दोन, तिसरीला काही नको. माझ्या वेळेस सुनेने हे केलं होतं. रात्री दिवा न लावता बोटाने ओळखू यायचं. आणि वाल सोललेस तर हात साबणाने स्वच्छ धुतल्याशिवाय थेंबांना शिवू नकोस.

निसर्गप्रेमी_नाना

थेंबांबरोबर शुद्ध गुलाबपाणी दोन वेळा घाला. थंडावा मिळेल. त्रिफळ्याच्या पाण्याने डोळे धुतल्यास उत्तम. आमच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या करतात.

नेत्रा_१२

नाना, हे कृपया कोणी करू नका. वरचा थर नाही म्हणजे ती उघडी जखम आहे. नळाचं पाणीसुद्धा जाऊ द्यायचं नाही म्हणून डोक्यावरून आंघोळ बंद असते, तिथे घरगुती काढा कसा चालेल? डॉक्टरांनी लिहून दिलेल्याखेरीज एक थेंबही नाही. सुन्न करणारे थेंबही स्वतःहून आणायचे नाहीत. त्याने बरं वाटतं, पण जखम भरायची लांबते. फार दुखलं तर दवाखान्यात फोन करायचा.

मी ऑप्टोमेट्रिस्ट आहे, म्हणजे डोळे आणि नंबर तपासते, म्हणून मोबाइलबद्दलही सांगते, कारण या विषयावर घरोघरी गैरसमज आहेत. मोबाइलच्या उजेडाने जखम बिघडत नाही. आपण टक लावतो, हे खरं दुखणं आहे. एरवी आपण मिनिटाला पंधरा-वीस वेळा पापण्या मिटतो, स्क्रीनसमोर ते निम्म्याहून खाली येतं. लेझरने कॉर्नियातल्या बारीक नसा दुखावलेल्या असतात, त्यामुळे डोळा कोरडा पडला तरी तो पापणीला नीट निरोप देत नाही. मग कोरडेपणा वाढतो आणि धुरकट दिसतं. हे टीव्हीला, पुस्तकाला आणि भरतकामालाही लागू आहे. ‘मोबाइल बंद, म्हणून दिवसभर विणत बसले’ असं सांगणाऱ्या पेशंट आम्हाला भेटतात.

परवानगी मिळाली की थोडं बघा, मग लांब बघा, मुद्दाम पापण्या मिटा, कृत्रिम अश्रूंचे थेंब घाला. दोन वेगळ्या थेंबांत पाच मिनिटं जाऊ द्या, नाहीतर दुसरा पहिल्याला धुऊन टाकतो. ती पाच मिनिटं म्हणजे एक गाणं. आणि बाहेर पडताना अतिनील किरण अडवणारा गॉगल हवाच. पीआरकेनंतर कॉर्नियावर धूसरपणा येण्याची शक्यता उन्हाने वाढते, त्यामुळे तो काही महिने सोडायचा नाही.

तिरपी_चाल

पट न मांडता बुद्धिबळ. पूर्ण डाव नको, सुरुवात घरांच्या रंगापासून. उभ्या पट्ट्यांना ए ते एच म्हणतात, त्यांना एक ते आठ आकडे द्या आणि आडव्या ओळीचा आकडा त्यात मिळवा. बेरीज सम आली तर घर काळं, विषम आली तर पांढरं. ई-४? पाच अधिक चार नऊ, पांढरं. जी-५? बारा, काळं. आईला कोणतंही घर बोलू दे, तुम्ही रंग सांगा.

हे जमलं की गृहपाठ: रिकाम्या पटावर घोडा ए-१ वर उभा आहे. त्याला समोरच्या कोपऱ्यात एच-८ वर न्यायचाय. कमीत कमी किती खेळ्या? कागद-पेन्सिल नाही, डोळे बंद.

पाटीपेन्सिल

वाह! मग माझ्याकडून पावकी, निमकी, औटकी, म्हणजे अपूर्णांकांचे जुने पाढे. आजोबा आम्हाला अंगणात फेऱ्या मारत म्हणायला लावायचे. औट म्हणजे साडेतीन. तीन औटे साडेदहा, सात औटे साडेचोवीस. झोप येत नसली की सुरू करायचं, तेरा औट्यापर्यंत जागं राहणारा माणूस मी पाहिलेला नाही.

आडगावचा_शहाणा

तिला जागं राहायचंय हो, झोपायचं नाहीये.

पाटीपेन्सिल

पहिल्या दिवसांसाठी सांगितलं! मग आहेतच की गावांच्या भेंड्या. अट अशी घालायची की गाव फक्त सातारा जिल्ह्यातलं हवं. आई जिंकणार हे नक्की, पण म्हणून ती कंटाळणार नाही.

स्पर्शरेषा

वाचतोय. म्हणजे माझा फोन वाचतोय, मी ऐकतोय. मला जन्मापासून दिसत नाही.

रेवाताई, मोबाइल अजिबात न सोडता डोळ्यांना पूर्ण रजा देता येते. अँड्रॉइड असेल तर टॉकबॅक, आयफोन असेल तर व्हॉइसओव्हर, दोन्ही फोनमध्ये आधीपासूनच असतात, विकत काही घ्यायचं नाही. बोट ठेवलं की फोन तिथलं वाचतो, दोनदा टकटक केलं की उघडतो. मराठीही वाचतो, जोडाक्षरं मधूनमधून चावतो. महत्त्वाचं म्हणजे स्क्रीन पूर्ण काळी करून ठेवता येते. आयफोनमध्ये व्हॉइसओव्हर चालू असताना तीन बोटांनी तीनदा टकटक. फोन चालू, बोलतोय, पण उजेड शून्य. बघायचा मोहच होत नाही.

फक्त शस्त्रक्रियेच्या आधीच दोन-तीन संध्याकाळी सराव करा. नंतर शिकायला गेलात तर चिडचिड होईल, कारण टॉकबॅक लावल्यावर नेहमीचं सरकवणं चालत नाही, दोन बोटांनी सरकवावं लागतं. पुष्कळ डोळस लोक इथेच अडकतात आणि टॉकबॅक बंद कसा करायचा ते विचारायला आम्हाला फोन करतात. दोन्ही आवाजाची बटणं तीन सेकंद दाबून धरली की टॉकबॅक चालू-बंद होतो, ही सोय सेटिंगमध्ये आधी लावून ठेवा.

ऐकण्याबद्दल: स्टोरीटेल या ऑडिओबुकच्या अ‍ॅपवर मराठी भरपूर आहे. झोप येते कारण वेग कमी असतो. सव्वापट करा, जमलं की दीडपट. मन भरकटायला जागाच राहत नाही. मी स्वतः याहून बराच जास्त वेग लावतो, पण तो तुम्हाला टाइपरायटरसारखा वाटेल.

एक विनंती, हलकेच घ्या. आठवडा झाला की ‘आता मला अंधांचं जग कळलं’ अशी पोस्ट इथे येते. नका टाकू. तुम्हाला आठवडाभर घरातल्या घरात भिंत चाचपावी लागेल, मी रोज दादरचा पूल चढतो. दोन्हींत फार फरक आहे.

रेवा_कोथरूड

@स्पर्शरेषा, नाही टाकणार, शब्द. आणि काळ्या स्क्रीनसाठी मनापासून आभार. आत्ता सराव करतेय. नवऱ्याला वाटतंय फोन बिघडला.

अणुरेणू

धागा छान चाललाय, त्यात माझं पदरचं एक. ही गोष्ट आईने रेवाला वाचून दाखवावी.

ज्या लेझरने तुमचा नंबर जाणार त्याला एक्सायमर म्हणतात. प्रकाश अतिनील, तरंगलांबी १९३ नॅनोमीटर. तो मुळात डोळ्यांसाठी नव्हताच. मद्रासमध्ये वाढलेले रसायनशास्त्रज्ञ रंगास्वामी श्रीनिवासन न्यूयॉर्क राज्यात आयबीएमच्या प्रयोगशाळेत होते. प्लास्टिकवर हा लेझर टाकला तर वितळण्याऐवजी नेमका तेवढाच थर उडून जातो हे त्यांना माहीत होतं. जिवंत पेशींवर काय होईल, असा प्रश्न ते आणि त्यांचे सहकारी जेम्स विन व सॅम्युअल ब्लम यांच्यापुढे होता. १९८१ च्या नोव्हेंबरात थँक्सगिव्हिंग या अमेरिकी सणाच्या जेवणातली उरलेली टर्की श्रीनिवासन दुसऱ्या दिवशी प्रयोगशाळेत घेऊन गेले आणि तिच्यावर लेझर सोडला. सुबक, कडा न जळालेली खाच पडली. शेजारी हिरव्या प्रकाशाचा साधा लेझर लावला तर मांस करपलं.

कारण असं की हा अतिनील प्रकाश रेणूंचे बंध थेट तोडतो. तुकडे उडून जातात आणि उष्णता आजूबाजूला पसरायच्या आत सगळं संपतं. पुढे स्टीफन ट्रोकेल या नेत्रतज्ज्ञाबरोबर त्यांनी कॉर्नियावर काम केलं, १९८३ मध्ये ते प्रसिद्ध झालं. तिघांना अमेरिकेचं राष्ट्रीय तंत्रज्ञान पदकही मिळालं.

हे आधीच सांगायचं कारण: टेबलावर तुम्हाला जळकट वास येईल. घाबरू नका. ते उडालेले रेणू आहेत, डोळा भाजत नाहीये. प्रत्यक्ष लेझर एका डोळ्याला मिनिटभराच्या आसपासच चालतो.

कल्याण_लोकल

तो वास! केस जळल्यासारखा. मला कोणी सांगितलं नव्हतं, मी टेबलाची कड घट्ट धरून होतो.

मालन_काकू

उरलेल्या जेवणाचा डबा घेऊन कामावर जाणारा माणूस, मग आपलाच तो.

सांजवारा

एक राहिलं. मराठी मालिका. त्या बघायच्या नसतातच, ऐकायच्या असतात. कोण आलं ते पात्रं नावानिशी सांगतात, वाईट बाई आली की तिचं संगीत वाजतं, आणि धक्का बसला की तोच ढॅण तीनदा. सासूबाई त्या स्वयंपाकघरातूनच ‘बघतात’.

आणि पाठ असलेला जुना सिनेमा फक्त ऐकून बघा. नवा नको, नवा कळत नाही. पाठ असलेल्यात मागचे आवाज ऐकू येतात. पाखरं, टांग्याच्या घोड्याच्या टापा, लांबची आगगाडी.

*(काही दिवसांनी)*

रेवा_कोथरूड

नमस्कार मंडळी बोलून टाइप करते आहे चुका पोटात घाला. पहिले दिवस वाईट गेले कल्याण लोकल म्हणाले तसेच. डोळ्यात वाळू घातल्यासारखं. पडदे ओढून नुसती पडून होते आणि कोणाचा आवाजही नको झाला होता त्यामुळे रेडिओ बिडिओ काही नाही. ज्यांचं व्हायचंय त्यांनी तेव्हा काही ऐकलं नाही म्हणून हळहळू नका.

आता बँडेज लेन्स काढली आहे. दिसतंय पण दुधातून बघितल्यासारखं. आईने बाल सोलायला बसवलंय बाल नाही वाल. वाल. हा फोन ऐकत नाही.

सव्वापट वेगाने ऐकलं आणि चक्क झोपले नाही स्पर्शरेषा तुम्हाला दंडवत. भेंड्यांमध्ये हरले. मायणी म्हणायला गेले तर ते म्हणे आधीच झालंय. रबरबँडची युक्ती भारी.

घोड्याचं उत्तर सहा. नवऱ्याला पाच वाटत होतं. ए एक ते एच आठ म्हणजे सात आडवी आणि सात उभी मिळून चौदा घरं. घोडा एका खेळीत तीन सरकतो म्हणजे निदान पाच खेळ्या लागणार. पण दोन्ही कोपरे काळे आहेत आणि घोडा दर खेळीला रंग बदलतो म्हणजे खेळ्या सम हव्यात. म्हणून सहा. वाल सोलता सोलता सुटलं.

तिरपी_चाल

सहीच! कागद न वापरता एवढा चोख युक्तिवाद, मानलं. पुढचा गृहपाठ: आठ वजीर पटावर असे ठेवा की कोणीच कोणाला मारणार नाही. हा मात्र डोळे उघडल्यावर करा, नाहीतर पुन्हा डोकेदुखीच्या गोळ्या लागतील.

नेत्रा_१२

छान चाललंय. दुधातून बघितल्यासारखं या टप्प्यावर असतंच. रात्री दिव्यांभोवती वलयंही दिसतील, बहुतेकांची हळूहळू कमी होतात. पण अचानक दुखणं वाढलं, डोळा लाल झाला किंवा काल होतं त्यापेक्षा एकदम खूप कमी दिसायला लागलं तर पुढच्या तपासणीची वाट न बघता त्याच दिवशी दवाखाना गाठा. आणि जळजळ थांबली म्हणून स्टेरॉइडचे थेंब आपल्या मनाने बंद करू नका, ते डॉक्टर पायरीपायरीने कमी करतात.

नवा_मेंबर_नागपूर

माझ्या बाबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे, त्यांना यातलं काय चालेल? ते टॉकबॅक वगैरे शिकणार नाहीत.

नेत्रा_१२

मोतीबिंदूचं वेगळं असतं, बहुतेकांना लवकर दिसायला लागतं आणि एकदा एकच डोळा करतात. वाकणं, जड उचलणं, डोळ्यात पाणी जाणं याबद्दल त्यांच्या डॉक्टरांनाच विचारा. वेगळा धागा काढा, मी येते तिथे. रेडिओ आणि वाल बिनधास्त चालतील.

मालन_काकू

रेवा, सोललेल्या वालाचं काय केलंत शेवटी? डाळिंब्यांची उसळ असेल तर गूळ आणि ओलं खोबरं, कांदा अजिबात नाही.

कल्याण_लोकल

काकू, कांदा नाही आणि नारळाचं दूध नाही तर ते बिरडं कसलं?

मालन_काकू

मी बिरडं म्हटलंच नाहीये. उसळ म्हटलंय. नीट वाचा, तुम्हाला तर दिसतंय आता.

संपादक

वालात कांदा असावा की नसावा याबद्दलचे पुढचे सगळे प्रतिसाद पाककृती विभागात हलवले आहेत. इथे डोळ्यांबद्दल बोला.